‘दादा म्हणवत नाही’: मैत्रिणीच्या भावावरचं पॉप गाणं मराठीत लिहायचं आणि घरी रेकॉर्ड करायचं कसं

मैत्रिणीचा भाऊ किंवा मित्राची बहीण आवडणं हा पॉप गाण्यांचा हुकमी विषय. मराठीत तो लिहायला घेतला की बहुतेकांचं एकाच जागी बिनसतं. पहिल्या चार ओळींनंतर मैत्रीण गायब होते आणि चांदणं, पाऊस, तुझे डोळे सुरू होतं. उरतं ते कुणाचंही, कुणावरचंही प्रेमगीत. दुसरी गफलत क्रमाची: आधी बीट (तयार ताल-संगीत) उतरवायचा, त्यावर शब्द कोंबायचे आणि मीटर बसत नाही म्हणून मराठीला दोष द्यायचा. खालचा क्रम मुद्दाम उलटा आहे. शब्द आधी, मात्रा नंतर, चाल त्यानंतर आणि बीट सगळ्यात शेवटी.

## बसण्याआधी जवळ काय हवं

वही, मेट्रोनोमचं कुठलंही ॲप, सूर बघायला पेटी किंवा कीबोर्ड आणि फोन. माइक आणि संगणक सातव्या टप्प्यापर्यंत लागत नाहीत. ते आधी उघडलेत तर दोन तास ड्रमचे आवाज निवडण्यात जातील आणि वही कोरी राहील.

पात्रांची वयं आत्ताच ठरवून वहीत लिहा. सांगणारी दहावीत, भाऊ बारावीत, एवढंच अंतर ठेवा. तो नोकरीला लागलेला असेल तर गाण्यातली गंमत जाते आणि ऐकणारा अस्वस्थ होतो. खऱ्या माणसाचं नाव, सोसायटी, गाडीचा नंबर गाण्यात नको. शाळेच्या गॅदरिंगला पहिल्या कडव्यातच सगळ्या माना एका दिशेला वळतील.

## १. गाणं कुणाला सांगायचं?

तीन पर्याय आहेत: भावाला, स्वतःशी किंवा मैत्रिणीला. मैत्रिणीला सांगा. भावाला उद्देशून लिहिलं की प्रेमगीत होतं, स्वतःशी बोललं की डायरी होते. मैत्रिणीशी बोलताना मात्र प्रत्येक ओळीत धोका असतो, कारण जिला सगळं सांगायची सवय, तिलाच हे सांगता येत नाही.

मराठीत आणखी एक आयती अडचण हाताशी आहे. मैत्रिणीचा मोठा भाऊ आपलाही ‘दादा’ असतो, मित्राची मोठी बहीण आपलीही ‘ताई’. नुसतं नाव घेऊन हाक मारली तर घरातल्या सगळ्यांच्या भुवया वर जातात. गाण्याचा सगळा पेच या एका हाकेत आहे. तो सोडून चंद्राकडे जाऊ नका.

तपासा: लिहून झालेल्या ओळींतून मैत्रिणीचा उल्लेख खोडून बघा. गाणं तसंच्या तसं उभं राहिलं, तर ते या विषयाचं गाणं नाही.

## २. हूक आधी बोलून बघा

हूक, म्हणजे मुखड्यातली पुन्हा पुन्हा येणारी ओळ, कागदावर सुचत नाही, तोंडात सुचते. प्रसंग डोळ्यांपुढे आणा आणि मैत्रिणीला खरंच सांगितलं असतं तसं मोठ्याने बोला. ‘मी त्याच्या प्रेमात पडले आहे’ असं दहावीतली मुलगी मैत्रिणीला सांगत नाही. ती म्हणेल, ‘मला नाही गं त्याला दादा म्हणवत.’ या एका ‘म्हणवत नाही’त सगळं येतं: म्हणायला हवं हे माहीत आहे, जीभ वळत नाही, आणि का वळत नाही ते सांगायचं नाही.

त्यातून मुखडा असा होतो:

अगं, तुझ्या दादाला गं
दादा म्हणवत नाही
हाक मारायला जाते
शब्दच फुटत नाही

मित्राच्या बहिणीवर लिहायचं असेल तर ‘अरे, तुझ्या ताईला रे, ताई म्हणवत नाही’ हे त्याच मात्रांत बसतं.

इथे हमखास होणाऱ्या दोन चुका. एक, ‘अहो’चा विनोद. त्याने गाणं थेट लग्नाच्या मांडवात जातं. दुसरी, यमक क्रियापदाच्या लिंगावर टांगणं. ‘बघते–लागते’ असं यमक जुळवलं आणि उद्या मुलाने गाणं गायचं म्हटलं, तर ‘बघतो’ झालं तरी ‘झोप लागते’ तशीच राहते आणि जोडी फुटते. वरच्या मुखड्यात ओळी ‘नाही’वर संपतात, त्यामुळे ‘जाते’चं ‘जातो’ झालं तरी यमकाला धक्का लागत नाही. (कोल्हापूरकडच्या मुली ‘मी जातो’च म्हणतात. गाणारी तिकडची असेल तर तसंच ठेवा, फार गोड लागतं.)

## ३. मात्रा मोजा

हा टप्पा लोक गाळतात आणि मग तीन आठवडे चाल बदलत बसतात.

ह्रस्व अक्षराची १ मात्रा, दीर्घाची २. जोडाक्षराआधीच्या अक्षरावर जोर येत असेल तर त्याच्याही २. चार ठोक्यांच्या एका बारमध्ये ८ मात्रा धरा, म्हणजे एका ठोक्याला २. मुखड्याची प्रत्येक ओळ दोन बारची, म्हणजे १६ मात्रांची जागा.

‘दादा म्हणवत नाही’ मोजू. दा २, दा २, म्ह १, ण १, व १, त १, ना २, ही २. एकूण १२. उरलेल्या ४ मात्रा मोकळ्या, तिथे श्वास घ्यायचा. पहिल्या बारची सम (पहिला ठोका) ‘दा’वर पडते, दुसऱ्याची ‘ना’वर. दोन्ही दीर्घ, दोन्ही अर्थाचे शब्द. अशी ओळ हाती लागली की तिला हात लावू नका.

‘अगं, तुझ्या दादाला गं’ १४ मात्रांची आहे, पण जशीच्या तशी समेपासून सुरू केली तर सम ‘अ’ या लंगड्या अक्षरावर येते आणि ओळ ठेचकाळते. उपाय असा: ‘अ’ मागच्या बारच्या शेवटच्या मात्रेवर घ्या, ‘गं’ समेवर आणा, ‘तु’ तिसऱ्या मात्रेवर, ‘झ्या’ तीन मात्रा लांबवा. सातव्या-आठव्या मात्रेवर पहिला ‘दा’ येतो आणि दुसऱ्या बारची सम बरोबर दुसऱ्या ‘दा’वर पडते.

तिसऱ्या ओळीत दुसरी सम ‘मारायला’च्या ‘ला’ या प्रत्ययावर येते. एरवी हे टाळावं. इथे चालतं, कारण तोवर कानाने ताल पकडलेला असतो. चौथी ओळ ११ मात्रांची आहे, पहिला ‘श’ आणखी एक मात्रा लांबवला की १२ होतात आणि ‘ना’ समेवर येतो.

लांब सुरावर ओळ संपवताना शेवटचं अक्षर उघडं हवं: आ, ए, ओ, ई. ‘घर’, ‘मन’, ‘मैत्रीण’ असे शब्द शेवटी घेतले की गाणारी सूर लांबवण्यासाठी ‘घर-अ-अ’ करते. जुन्या भावगीतात ते खपून जायचं, पॉपमध्ये लगेच खोटं वाटतं.

तपासा: मेट्रोनोम मिनिटाला १०४ ठोक्यांवर लावा आणि चाल न लावता, नुसतं टाळी देत चारही ओळी बोला. कुठे शब्द तोडावा लागला तर तिथे शब्द बदला. चालीने झाकू म्हणू नका.

## ४. कडव्यांत वस्तू आणि निमित्तं भरा

मुखड्यात भावना आहे, तेव्हा कडव्यात भावनेला बंदी. तिथे मैत्रिणीच्या घरी जायची निमित्तं यावीत: जर्नल परत द्यायचं होतं, चार्जर राहिला होता, काकूंनी डबा मागितला होता. निमित्तं एकापेक्षा एक लंगडी होत गेली पाहिजेत. दुसऱ्या कडव्याच्या शेवटी ती तीच वही तिसऱ्यांदा परत करायला येते, तेव्हा ऐकणारा हसतो.

भावाचं वर्णन चेहऱ्याने करू नका. दाराबाहेर चिखलाचे फुटबॉलचे बूट दिसले की तो घरात आहे, बूट नाहीत म्हणजे आजची फेरी वाया. ‘बूट’ हा एक शब्द दोन कडव्यांत दोनदा आणा, पहिल्यात असलेले, दुसऱ्यात नसलेले. डोळे, हसू, केस या तिन्हींची मिळून गाण्यात एकच ओळ असू द्या, आणि तीही नसली तर उत्तम.

प्रत्येक कडवं ८ बारचं, म्हणजे सोळा मात्रांच्या चार ओळी. त्याहून जास्त सांगायचं असेल तर ते दुसऱ्या गाण्यासाठी ठेवा.

सावधान: हिंदी गाण्यांच्या सवयीने ‘दिल’, ‘नजर’, ‘इश्क’ आपोआप येतात. ‘क्रश’, ‘रिप्लाय’, ‘डीपी’ चालतील, मुलं तशीच बोलतात. ‘इश्क’ कुणी बोलत नाही.

## ५. मधला तुकडा: भाऊबीज

दुसऱ्या मुखड्यानंतर ८ बारचा वेगळा तुकडा हवा, जिथे गोष्ट पालटते. या विषयाला मराठी घरात भाऊबीजेइतकी चांगली जागा नाही. ती फराळाला म्हणून गेलेली आहे. तो पाटावर बसलाय. मैत्रीण ओवाळून उठते आणि काकू निरांजनाचं तबक थेट हिच्या हातात देतात: ‘ओवाळ की तूही, तुझाही दादाच ना तो!’

हे वाक्य गायचं नाही, बोलायचं. ड्रम पूर्ण बंद करा, कीबोर्डवर एकच लांब सूर धरा. त्यानंतरच्या दोन ओळींत तिने ओवाळलं का, ते सांगू नका. तबकात पडलेली पन्नासची नोट दाखवा. ओवाळणी मिळाली, म्हणजे काय झालं ते कळलंच.

लिहिणाऱ्यांचा इथे तोल जातो तो रडण्याकडे. हा तुकडा रडका केला की शेवटचा मुखडा उड्या मारू शकत नाही. प्रसंग तिच्यासाठी भयंकर आहे आणि ऐकणाऱ्यासाठी विनोदी. दोन्ही एकदम टिकलं पाहिजे.

## ६. आराखडा, वेग, पट्टी

१०४ च्या वेगात एक बार सुमारे २.३ सेकंदांचा होतो. आराखडा असा धरा: सुरुवात ४ बार, पहिलं कडवं ८, चढण (कडव्यातून मुखड्याकडे नेणारा तुकडा) ४, मुखडा ८, दुसरं कडवं ८, चढण ४, मुखडा ८, भाऊबीज ८, शेवटचा मुखडा दोनदा १६, शेवट २. एकूण ७० बार, म्हणजे २ मिनिटं ४१ सेकंद. पहिला मुखडा सदतिसाव्या सेकंदाला येतो. त्यापेक्षा उशीर करू नका. सुरुवातीच्या संगीताला ८ बार दिले की तो ४६ व्या सेकंदावर जातो आणि ऐकणारा पुढच्या गाण्याकडे.

वेग १२० च्या वर नेला तर ‘म्हणवत’ची चार ह्रस्व अक्षरं एकमेकांवर चढून ‘म्हंवत’ ऐकू येतं. ९० च्या खाली आणलात तर तक्रार विनोदी न राहता केविलवाणी होते.

पट्टी पांढरी एकपासून सुरू करा. मुखड्याला सी, जी, ए मायनर, एफ हे कॉर्ड (एकत्र वाजवायचे सूर), बारला एक. कडव्याला तेच चार, पण ए मायनरपासून: ए मायनर, एफ, सी, जी. तेवढ्यानेच मुखडा आल्यावर खिडकी उघडल्यासारखं वाटतं.

हूकची ओळ एफच्या बारमध्ये संपते, म्हणून ती अशी बसते: दा (ध), दा (तार सा), म्हणवत (नि ध ध प), ना (ध), ही (म). सगळ्यात वरचा सूर ‘दा’वर, म्हणजे ‘आ’वर आहे. तो ‘ही’वर ठेवला असता तर उंचावर ‘ई’ काढताना आवाज चिमटीत सापडल्यासारखा झाला असता. चौथी ओळ सा वर आणून सोडा आणि तिच्या शेवटच्या बारला एफच्या जागी सी घ्या.

तपासा: गाणारीला मुखडा सलग सहा वेळा गायला लावा. सहाव्या वेळी तार सा ओढून काढावा लागला तर सगळं गाणं दोन अर्ध्या सुरांनी खाली, काळी पाचवर आणा. मुलगा गाणार असेल आणि आवाज फुटायच्या वयात असेल, तर पट्टी ठरवल्यापासून दोन-तीन आठवड्यांत रेकॉर्डिंग उरका. अर्धं जूनमध्ये आणि अर्धं दिवाळीत केलं तर ती दोन माणसं वाटतात.

## ७. घरी रेकॉर्डिंग

कपड्यांनी भरलेलं कपाट उघडं ठेवा आणि गाणारीला त्याच्याकडे पाठ करून उभं करा. माइक तोंडाच्या दिशेने बघतो, तेव्हा तिच्या मागून परतणारा आवाज कपड्यांत जिरला पाहिजे. समोरच्या भिंतीला गादी टेकवा. पंखा, एसी, फ्रिजची खोली टाळा. कुकरच्या वेळा घरात विचारून ठेवा.

सॉफ्टवेअर फुकट मिळतं: ॲपलवर गॅरेजबँड, बाकी ठिकाणी बँडलॅब किंवा ऑडॅसिटी. सेटिंग २४ बिट, ४४.१ किंवा ४८ किलोहर्ट्झ. कंडेन्सर माइक (वीज लागणारा स्टुडिओ माइक) असेल तर इंटरफेसवर, म्हणजे माइक संगणकाला जोडणाऱ्या डबीवर, ४८ व्होल्टचं बटण चालू करा. ‘माइक मेलाय’ म्हणून परत केलेल्या कितीतरी माइकांचं हेच बटण बंद असतं. तोंड माइकपासून १५ ते २० सेंटिमीटर, मध्ये पॉप फिल्टर, म्हणजे फुंकर अडवणारी जाळी. सगळ्यात जोरात गाताना काटा वजा १२ ते वजा ६ डेसिबलमध्ये राहू द्या. लाल दिवा लागला तर तो टेक गेला, नंतर दुरुस्त होत नाही.

कान झाकणारे हेडफोन घ्या. साध्या इअरफोनमधून मेट्रोनोमची टिकटिक माइकमध्ये शिरते आणि भाऊबीजेच्या शांत तुकड्यात नेमकी ऐकू येते. हेडफोनमध्ये स्वतःचा आवाज उशिरा ऐकू येत असेल तर सॉफ्टवेअरच्या ऑडिओ सेटिंगमधला बफर १२८ वर आणा.

माइक नसेल तर फोन चालेल, त्याच अंतरावर, वेव्ह (न दाबलेल्या .wav) फाइलमध्ये. व्हॉट्सॲपवरून पाठवलेली ऑडिओ क्लिप मिक्समध्ये, म्हणजे सगळे आवाज एकत्र बसवताना, वापरू नका. तिचा आवाज आधीच दाबून लहान केलेला असतो.

टेक घेण्याचा क्रम: आधी संपूर्ण गाणं चार वेळा, न थांबता. मग त्यातून ओळी निवडा. कमी पडतील तेवढ्याच ओळी पुन्हा घ्या. शेवटी मुखडा आणखी दोनदा गाऊन डावी-उजवीकडे ठेवा, मूळ आवाजापेक्षा हळू. ओळ-ओळ तोडून गायलं की प्रत्येक ओळ सुंदर येते आणि गाणं मेलेलं.

उच्चारांची यादी समोर चिकटवा. हिंदीच्या सवयीने बिघडणाऱ्या जागा या:

- ‘त्याचा’मधला च दातांजवळचा, ‘त्याची’मधला टाळूचा. तसंच ‘माझा’ आणि ‘माझी’. हूकमधला ‘तुझ्या’ टाळूचाच. ‘तुझा’ आला तर तो वेगळा.
- ‘म्ह’ एकच अक्षर, एकच मात्रा. ‘म-हणवत’ झालं की मात्रा वाढते आणि ‘ना’ समेवरून घसरतो.
- ‘शाळा’, ‘डोळे’, ‘वेळ’ यांत ळ, ल नको. ‘आण’, ‘कोण’ यांत ण.
- ‘फुटत’चा फ माइकवर फुंकर मारतो. त्या अक्षराला तोंड किंचित बाजूला करा.

## ८. मिक्समध्ये थोडंच करा

आवाजाच्या ट्रॅकवर ८० ते १०० हर्ट्झच्या खालचं काढून टाका, तिथे फक्त रस्त्याची घरघर असते. ‘स’, ‘श’, ‘च’ टोचत असतील तर ५ ते ८ किलोहर्ट्झच्या पट्ट्यात डीएसर (टोचणारे सकार दाबणारं साधन) लावा. सूर दुरुस्त करणारं प्लगइन हलकं ठेवा. जोरात लावलं की मींड पायऱ्यांसारखी तुटते. भाऊबीजेच्या तुकड्यात ते बंदच करा, बोललेल्या वाक्याला सूर लावायचा नसतो.

आता या गाण्यातली सगळ्यात कामाची युक्ती. अगदी शेवटच्या मुखड्यात ‘दादा म्हणवत नाही’मधला ‘दादा’ गाऊच नका. सगळी वाद्यं थांबवा, चार मात्रा कोऱ्या ठेवा आणि ‘म्हणवत नाही’पासून पुन्हा सुरू करा. ऐकणारे तो शब्द स्वतः म्हणतात आणि तिला का म्हणवत नाही ते त्यांना तेव्हा जाणवतं. शांतता नेमकी चार मात्रांचीच हवी, म्हणजे १.१५ सेकंद. अंदाजाने कापली तर पुढची एंट्री लंगडते. रिव्हर्बचं (आवाजाला लावलेल्या घुमाऱ्याचं) शेपूटही त्या जागेत कापा, नाहीतर शांतता शांत राहत नाही.

तयार फाइलची पातळी वजा १४ एलयूएफएसच्या (कानाला जाणवणारा मोठेपणा मोजायचं एकक) आसपास आणि टोक वजा १ डेसिबलच्या खाली ठेवा. स्पॉटिफाय साधारण याच पातळीवर गाणी आणून वाजवतं, त्यामुळे त्याहून मोठं करून हाती फक्त चिरका आवाज लागतो. शेवटी गाणं फोनच्या स्पीकरवर लावून स्वयंपाकघरात ठेवा आणि बाहेरच्या खोलीतून ऐका. ‘दादा’ कळला नाही तर आवाज १ ते २ डेसिबल वर घ्या.

## ९. टाकण्याआधीचे कागद

‘फ्री बीट’ म्हणून उतरवलेला बीट बहुतेक वेळा फक्त बिनकमाईच्या वापरासाठी फुकट असतो. परवानगी लेखी घ्या आणि जपून ठेवा. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात शब्द, संगीत आणि ध्वनिमुद्रण हे तीन वेगळे हक्क आहेत आणि ते मिळायला नोंदणी सक्तीची नाही. म्हणून कोणी काय केलं आणि कुणाचा किती वाटा, ते एका कागदावर लिहून सगळ्यांच्या सह्या आणि तारीख टाका. हे गाणं चालायच्या आधी करायचं असतं; चाललं की प्रत्येकाला आठवतं की हूक त्यानेच सुचवला होता.

अठरा वर्षांखालच्या मुलाने केलेला करार भारतात ग्राह्य धरला जात नाही. डिस्ट्रिब्यूटरच्या (गाणं स्पॉटिफायसारख्या ॲपवर पोचवणाऱ्या कंपनीच्या) खात्यावर आणि त्या कागदावर आई किंवा वडिलांची सही घ्या. म्हणजे गाणं त्यांना आधी ऐकवावं लागेल, आणि ‘हा दादा कोण?’ हा प्रश्न येईल. उत्तर तयार ठेवा.